आत्याची कोरियन पोथी

2022 च्या श्रावणात पावस गावी माहेरी होते. बाहेर पागोळ्या, आत विजेचा लपंडाव. फोन चार्ज असेल तेवढा वेळ मी ‘अल्केमी ऑफ सोल्स’ ही कोरियन मालिका बघायची. गुडघ्यांना तेल चोळत आत्या शेजारी बसे. खालची इंग्रजी अक्षरं तिला वाचता येत नव्हती, म्हणून मी कथेकऱ्यासारखी मराठीत सांगत होते.

दाएहो नावाचं राज्य, तिथली मांत्रिकांची घराणी. नाकसू ही मारेकरीण मरायला टेकते आणि आपला जीव दुसऱ्या देहात घालते. देह मिळतो तो मुदोक या आंधळ्या, किडकिडीत पोरीचा. दृष्टी परत येते, पण हात इतके दुबळे की तलवार म्यानातून निघत नाही! तिथे ही विद्या निषिद्ध. देह बदलणारा पुढे पिसाळतो आणि दगड होतो.

“परकायाप्रवेश,” आत्या म्हणाली. “कोरियात आत्ता कळला होय गो?”

आमच्याकडे श्रावणात ‘नवनाथ भक्तिसार’ लावतात. मालू कवीची 1819 मधली पोथी, चाळीस अध्याय, आत्याला बरीचशी तोंडपाठ. तीत मच्छिंद्रनाथ मेलेल्या त्रिविक्रम राजाच्या देहात शिरतात आणि बारा वर्षं राज्य करतात. मागे ठेवलेला देह राखायला शिष्य. राणी रेवतीला हे कळतं तेव्हा ती त्या देहाचे तुकडे करवते, म्हणजे नवरा परत जायलाच नको. ते तुकडे त्या शिष्याला, गोरक्षनाथाला, कैलासावरून लढून आणावे लागतात.

पुढे मालिकेतलं गुपित फुटलं. राजाने सात दिवसांसाठी जांग गांग या मांत्रिकाशी देह बदलला होता आणि त्या दिवसांत मांत्रिकाच्या बायकोकडे गेला. नायक जांग उक त्यातूनच जन्मला. पोथीतही रेवतीला धर्मनाथ होतो. तिथे नाथ राजाच्या अंगात, इथे राजा मांत्रिकाच्या. माझ्या मते लेखिका होंग भगिनींनी हे मालूपेक्षा जास्त निष्ठुरपणे लिहिलंय. आत्याचं म्हणणं वेगळं.

“रेवतीला नि त्या मांत्रिकाच्या बायकोला आधी विचारलं कोणी?”

पावसला नाथपंथ काही परका नाही. 1903 साली इथे जन्मलेले रामचंद्र गोडबोले याच परंपरेत स्वरूपानंद झाले. त्यांच्या समाधिमंदिरात आत्या रोज दुपारी खिचडीच्या प्रसादाला जाते. त्यांनी नाव टाकलं ते आपणहून. आत्याचं नाव मात्र लग्नात ताटातल्या तांदळांत अंगठीने लिहून बदललं. विधवा होऊन माहेरी परतली तेव्हा जुन्या नावाने हाक मारणारं घरात कोणी उरलं नव्हतं. हे तिने मला कधी सांगितलं नाही, आईकडून कळलं.

डिसेंबरात दुसरा भाग आला. जंग सो-मिन जाऊन नायिकेच्या जागी गो यून-जंग. मी फोनवर आत्याला सांगितलं, की आता तिचा चेहरा वेगळा, नाव वेगळं आणि आधीचं काही आठवत नाही.

“लग्न झालं असेल तिचं,” आत्या म्हणाली. “ठेवते गो, खिचडीची वेळ झाली.”