गतकूळ

मराठेकालीन कागदपत्रांत ‘गतकूळ’ असा एक शब्द येतो. ज्या मिरासदाराच्या घराण्यात कोणी उरले नाही, त्याच्या जमिनीस गतकुळाची जमीन म्हणत. पुढे ती नव्या माणसास मिरासपत्र करून दिली जाई. घराणे संपले, तरी थळाला बहुधा त्याचेच नाव राही.

हा शब्द मी वर्गात अनेक वर्षे सहजपणे समजावून सांगत असे. त्याचे वजन मला कळले ते धाराशिव जिल्ह्यातील लोहारा तालुक्यात. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटेच्या भूकंपाने या परिसरातील सास्तूरसारखी गावे उद्ध्वस्त झाली आणि पुढे नव्या जागी वसली. अशाच एका गावी मी बोलीतील शब्द टिपण्यासाठी गेलो होतो. गाव वसवणाऱ्या पाटील घराण्याविषयी विचारताच मला एका वृद्ध बाईंकडे नेण्यात आले.

वस्तीची ती पांढरी आणि पिकाची ती काळी, हा भेद त्यांनीच मला उलगडून सांगितला. जुन्या पांढरीत वाडा कोठे होता, बारवेकडे वाट कशी जाई, हे त्या मातीत बोटाने रेघा ओढून दाखवीत होत्या. शेवटी मी विचारले, “मूळ घराण्यातले आता कोण आहे?”

“कुणीच न्हाई बाबा. समदी त्या राती गेली.”

“आणि आपण?”

“मी लेक हाय. लेकीला कोण धरतंय?”

लग्न होऊन परगावी गेल्या म्हणून त्या वाचल्या. आणि लग्न होऊन गेल्या म्हणूनच घराण्यात मोजल्या गेल्या नाहीत.

२००५ च्या दुरुस्तीने हिंदू वारसा कायद्यात लेकीला वडिलोपार्जित मालमत्तेत लेकाइतकाच हक्क मिळाला. भाषेचा व्यवहार मात्र मागे राहिला. ‘वंशाचा दिवा’ म्हटले की आपल्या मनात मुलगाच येतो. वास्तविक ‘वंशज’ या शब्दातील ‘ज’ म्हणजे जन्मलेला अथवा जन्मलेली. शब्दाने भेद केलेला नाही; तो आपण वापरात आणला.

माझ्या वहीत, माहिती देणाऱ्याच्या रकान्यात, मी ‘मूळ घराण्याच्या वंशज’ असे लिहिले आणि त्यांना वाचून दाखवले. त्यांनी तो शब्द पुन्हा एकदा वाचायला लावला.

आपल्या घरी वंशावळ लिहिलेली असेल, तर ती एकदा काढून पाहा. तिच्यात लेकींची नावे आहेत का? नसतील, तर ती सांगू शकणारे माणूस हयात आहे तोवर लिहून घ्या.