पहाणीतला रकाना

औसा तालुक्यातील आमच्या गावी निजामाच्या अमदानीपासून वतनाने चालत आलेली पटवारगिरी सांभाळणारे माझे आजोबा, पहाणीपत्रकात प्रत्यक्ष कसणाऱ्याचा रकाना भरताना, बांधावर उभे राहून जे दिसे तेवढेच लिहीत. 1950 चा हैदराबादचा कूळकायदा आला आणि कुळाच्या हक्काला त्या रकान्याचाच आधार उरला. तेव्हा गावातच राहणारे आजीचे सख्खे बंधू, कैक वर्षे कुळाकडे असलेल्या आपल्या जमिनीवर ‘खुदकाश्त’ अशी नोंद व्हावी म्हणून रात्री आमच्या ओसरीवर येऊन बसले. आजोबांनी त्यांचे सारे ऐकून घेतले आणि सकाळी कुळाचेच नाव लिहिले. कूळ तगले. पण त्यानंतर दोन गल्ल्यांपलीकडच्या माहेराहून आजीला बोलावणे आले नाही. भाऊबीजेला नाही, भाच्यांच्या लग्नालाही नाही. सत्य आजोबांचे, त्याचा दंड मात्र आजीने भरला, आणि तिला कोणी विचारलेही नव्हते.

पुढे नांदेडच्या पीपल्स कॉलेजात शिकताना नरहर कुरुंदकरांना ऐकले. श्रोत्यांच्या श्रद्धास्थानांची त्यांच्याच समक्ष निर्भीड चिकित्सा करणाऱ्या त्या वाणीविषयीचा माझा आदर आजही तसूभर उणा झालेला नाही. मात्र व्याख्यानाहून खोलीवर परतताना मला हटकून आजी आठवे.

30 सप्टेंबर 1993 च्या पहाटे किल्लारीचा भूकंप झाला. पंचनाम्यावर पंच म्हणून माझी सही हवी होती, आणि तडा गेलेल्या घराची ‘पूर्ण पडझड’ लिहावी असा एका निकटच्या आप्ताचा आग्रह होता. मी आधी घरी आलो आणि सारी हकीकत पत्नीपुढे ठेवली. “तडा आहे तर तडाच लिहा,” ती म्हणाली, “त्यांच्या कार्याला नाही बोलावलं तर नाही.” बोलावले नाहीच, पण ते दुःख आम्ही दोघांनी मिळून पत्करलेले होते.

मी आठेक वर्षांचा असताना एका वेळामावस्येला त्या कुळाने आजीला जेवायला बोलावले आणि मला घेऊन ती आपल्या वडिलांच्या शिवारात पाहुणी म्हणून गेली. कडब्याच्या कोपीपाशी भज्जी, उंडे, आंबील असे जेवण झाले. बांधावरची चिंच दाखवून ती म्हणाली, “ही माझ्या बाबांनी लावलेली.” कुळाची सून पटकन उत्तरली, “मग तुमचीच की, आत्याबाई!” संध्याकाळी घरी आल्यावर आजीने पदरात बांधून आणलेल्या हिरव्या चिंचा आजोबांच्या दप्तरावर ठेवल्या आणि काही न बोलता ती चुलीकडे वळली.