विजयदुर्गाचे भूशिर

कबनूरच्या काळ्या रानात राहून ज्याने जन्मभर भूगोल शिकविला, त्याने समुद्रात घुसलेल्या भूशिराविषयी लिहावे, हे काहींस विपरीत वाटेल. परंतु गगनबावड्याच्या माथ्यावर पडलेल्या पावसाचे पूर्वेकडील पाणी कुंभीवाटे पंचगंगेस मिळून इचलकरंजीवरून कृष्णेकडे जाते आणि पश्चिमेस उतरलेले वाघोटणच्या खाडीतून विजयदुर्गापाशी समुद्रास मिळते, हे ध्यानी घेतले म्हणजे ते स्थळ आम्हां घाटावरच्यांस परके राहत नाही.

गिर्ये गावाकडून उत्तरेस गेलेला हा सडा जांभ्याचा आहे. पन्हाळ्याच्या माथ्यावरही जांभाच. मात्र इथे तो लाटांशी समोरासमोर उभा आहे, आणि कड्याच्या पायथ्याशी हात लावावा तर त्याच्या छिद्रांतून आदल्या उधाणाचे मीठ नखाला लागते. खाणीतून काढताना मऊ असलेला हा दगड वाऱ्याउन्हाने टणक होत जातो, हा गुण कोकणातल्या गवंड्यास कोणत्याही ग्रंथावाचून ठाऊक असतो. खाडीच्या मुखाशी दक्षिणेस असलेले हे भूशिर नैर्ऋत्येचा मारा आपल्या अंगावर घेते, आणि मुखाशी वाळूचा बांध नसल्यामुळे ऐन पावसाळ्यातही मोठ्या गलबतास आत शिरता येते. माझ्या मते विजयदुर्ग किल्ल्याचा खरा तट हाच. तिहेरी कोट मागाहून आला.

किल्ल्याचे मूळ पन्हाळ्याच्या शिलाहार भोजाकडे नेतात. 1653 मध्ये तो आदिलशाहीकडून शिवाजी महाराजांकडे आला, पुढे आंग्र्यांचे आरमार येथे नांदले, आणि खाडीच्या आत खडक कोरून केलेली त्यांची गोदी अद्याप दिसते. परंतु 1756 च्या फेब्रुवारीत इंग्रजांकडून वॉटसनच्या नौका आणि क्लाइव्हचे सैन्य आले तेव्हा समुद्र शांत होता. जो सडा पावसाळी लाटा अडवी, त्याचा तोफांस काय अटकाव? एका गोळ्याने एक जहाज पेटले आणि निवाऱ्याला दाटीने नांगरलेले तुळाजी आंग्र्यांचे आरमार पाहता पाहता जळाले. जो आसरा, तोच घात. त्याच वर्षीच्या तहान्वये किल्ला पेशव्यांकडे आला, आणि पुढे आनंदराव धुळपांकडे आरमाराचा सुभा राहिला; 1818 मध्ये इंग्रजांचा अंमल बसला.

या किल्ल्याविषयी आणखी एक गोष्ट मोठ्या अभिमानाने सांगतात: हेलियमचा शोध 1868 च्या सूर्यग्रहणात येथेच लागला. दप्तर मात्र निराळे बोलते. ज्या खगोलवेत्त्यांची नावे त्या शोधाशी जोडतात, त्यांपैकी जान्सेन त्या ग्रहणास गुंटुरास होता, हर्शेल आमच्या जवळच्या जमखंडीस होता, आणि लॉकियरने आपले वेध विलायतेतच ग्रहणावाचून घेतले. तो विजयदुर्गास आला 22 जानेवारी 1898 च्या ग्रहणासाठी, आणि तेव्हा दुर्बिणी उभारण्यास त्याच्या मदतीला होते ते ‘मेल्पोमिनी’ या युद्धनौकेचे खलाशी.