बॅकग्राउंडवाला

मंडळी, एक सोपा प्रश्न. 'श्वास' कितीजणांनी पाहिलाय? बरेच हात वर असणार. आता सांगा, त्याचं संगीत कुणाचं?

...शांतता :)

उत्तर आहे भास्कर चंदावरकर.

माझं घर पेणला, आजोळ रोह्याला. शनिवारी दिवा-रोहा गाडी पकडून आजोबांकडे चक्कर असतेच. गेल्या शनिवारी त्यांना लॅपटॉपवर 'श्वास' लावून दिला. कोकणातले आजोबा, नातवाच्या डोळ्यांना कॅन्सर, ऑपरेशन केलं तर जीव वाचणार पण दृष्टी जाणार. २००४ साली भारतातर्फे ऑस्करला पाठवलेला हाच तो सिनेमा. संपल्यावर आमचे आजोबा बराच वेळ चष्मा पुसत बसले. मग म्हणाले, "संगीत काही लक्षात नाही हो राहिलं. पण घसा दाटून आला."

पार्श्वसंगीताला याहून मोठी दाद कुठली?

चंदावरकरांचा जन्म १९३६ चा. सतार शिकले पंडित रविशंकरांकडे, आणि पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये वर्षानुवर्षं संगीत शिकवलं. १९७२ मध्ये 'घाशीराम कोतवाल' नाटक आलं, त्याच वर्षी कुमार शहानींचा 'माया दर्पण'. पुढे 'सामना' (१९७५), गिरीश कार्नाडांचा कन्नड 'ओंदानोंदु कालदल्ली' (१९७८), मृणाल सेन यांचा 'खंडहर' (१९८४). २००९ मध्ये ते गेले.

आता गंमत बघा. 'घाशीराम'मध्ये संगीत थेट रंगमंचावर उभं असतं. अभंग, कीर्तन, लावणी यांच्यावरच नाटक पळतं. आणि 'श्वास'मध्ये तोच माणूस इतका मागे सरकतो की हॉस्पिटलच्या कॉरिडॉरमधली शांतताच जास्त ऐकू यावी. कुठे वाजायचं आणि कुठे गप्प बसायचं हे कळणं, हीच खरी कारागिरी.

हे सगळं आत्ताच का सुचतंय? कारण अस्मादिक बॅकएंडवाले. रात्री दोनला सर्व्हर सुरळीत चालला तर कुणी फोन करून "वा!" म्हणत नाही. टाळ्या पडतात त्या डेमोला, म्हणजे स्क्रीनवाल्यांना. आता मॅनेजर विचारतोय, क्लायंटसमोर उभं राहायचा रोल घेतोस का? पगार चांगला वाढेल. घरचे म्हणतात, विचार कसला करतोस, घेऊन टाक.

इतके दिवस मी स्वतःला एकच विचारत होतो : पुढे की मागे? चंदावरकरांची कारकीर्द बघितल्यावर वाटतं, प्रश्नच वेगळा हवा. ते कामाला गरज असेल तिथे पुढे यायचे, नसेल तिथे मागे राहायचे. मागे राहणं ही त्यांची निवड होती. माझीही निवडच आहे, की चारचौघांसमोर बोलायची भीती आहे? हे मात्र मॅनेजर सांगू शकत नाही, आजोबाही नाही.

उत्तर सोमवारी द्यायचंय. तोवर 'खंडहर' बघून घेतो.