राजा भोजाचे उघडे गुपित

भोपाळचे काम लवकर आटोपले आणि एक दिवस हाती उरला. तिथले स्नेही म्हणाले, "सांचीला जाऊन या." मी मात्र भोजपूरची मोटार धरली. राजा भोजाशी माझे जुने भांडण होते.

हा भोज आपल्या सर्वांच्या लहानपणचा. सिंहासनबत्तिशीतल्या पुतळ्या ज्याला सिंहासनावर बसू देत नाहीत, तोच हा. कालिदासाची आणि त्याची गाठ काही शतकांच्या अंतरामुळे पडणे शक्य नव्हते. तरी गोष्टी सांगणाऱ्यांनी कालिदासाला त्याच्या दरबारात बसवलेच. इतिहासातला भोज अकराव्या शतकातला, धारचा परमार राजा. त्याच्या नावावर 'समरांगण सूत्रधार' नावाचा वास्तुविद्येचा मोठा ग्रंथ आहे. बडोद्याच्या गायकवाड ग्रंथमालेत तो १९२४-२५ साली दोन भागांत छापला गेला. त्याचा ३१ वा अध्याय यंत्रांचा. दिव्यात तेल घालणारी बाहुली, दारावर पहारा करणारा लाकडी द्वारपाल, पोटात विस्तवावर पारा तापवून उडणारा लाकडी पक्षी! वाचता वाचता हात शिवशिवू लागतात. आणि नेमके तिथेच ग्रंथकार सांगतो की, जोडणी सांगितली नाही ती गुप्ततेसाठी, अज्ञानामुळे नव्हे.

हे वाक्य एका संस्कृतच्या मास्तरांनी मला उलगडून सांगितले, तेव्हा मला आमचे नानाकाका आठवले होते.

नानाकाका गणेशोत्सवात हलते देखावे करीत. त्यांची शबरी रामापुढे बोर धरताना हात असा सावकाश वर नेई की, बायकांच्या डोळ्यांत पाणी येई. पण देखाव्याच्या मागे चादर टांगलेली. आत कोणी डोकावले की काका गरजत, "विद्या अशी उघड्यावर मांडायची नसते!" ते गेले आणि पुढच्या भाद्रपदात मंडळाच्या पोरांनी त्यांची पेटी उघडली. कप्प्या, दोरे, सायकलीची चाके, पत्र्याचे डबे. कशाला काय जोडायचे ते कोणालाच कळेना. शबरी तेव्हापासून माळ्यावर आहे.

भोजपूर भोपाळपासून पंधरा-सोळा मैलांवर, बेतवेच्या काठी. उंचवट्यावर ते अजस्र शिवमंदिर उभे आहे. आत चौथऱ्यावर साडेसात फूट उंचीचे शिवलिंग. आपण समोर उभे राहिलो की, आपोआप आवाज खाली येतो. इथे भोजाने डोंगरांच्या फटींत बांध घालून प्रचंड तळे केले होते. पंधराव्या शतकात होशंगशहाने तो बांध फोडला आणि पाण्याच्या जागी जमीन उघडी पडली.

मंदिर मात्र कोणी फोडले नाही, ते मुळात पुरेच झाले नाही. मागच्या बाजूला मातीदगडांचा लांब उतार अजून तसाच आहे. त्यावरून ओढत ओढत त्या शिळा वर चढवल्या. काम संपले असते, तर हा उतार मोडून टाकला असता आणि आपण बापडे म्हणालो असतो की, हे भुतांनी एका रात्रीत बांधले!

रखवालदार मला पलीकडच्या खडकांकडे घेऊन गेला. "नक्शा है, साहब," तो म्हणाला. सकाळचे ऊन तिरपे होते, म्हणून रेघा उठून दिसल्या. खांबाचा आराखडा, कळसाचा छेद, देवळाची आखणी. सारे खडकावरच कोरलेले. पाथरवटाने यायचे, रेघ पाहायची आणि दगड घडवायचा. दगडांवर त्यांच्या खुणाही आहेत, शेकडो.

मी खडकावर बसून राहिलो. पोथीतला पक्षी नऊशे वर्षांत उडाला नाही. पारा तापवून लाकूड उडत नाही हे खरेच. पण जोडणी लिहिली असती, तर चूक कुठे होती ते तरी कोणी दाखवले असते. लपवले म्हणून त्याची नुसती गोष्ट झाली. इथला उघडा खडक मात्र आज माझ्यासारख्या उपऱ्यालाही वाचता येतो.

भोजाशी भांडण तिथे मिटले, पण दुसरेच उभे राहिले. खरे सांगायचे तर शबरीच्या हाताचे गुपित मला ठाऊक आहे. लहानपणी मी चादरीखाली कंदील धरून बसत असे. डब्यात वाळू, वाळूवर वजन. तळाच्या भोकातून वाळू गळते, वजन हळूहळू खाली बसते, कप्पीवरचा दोरा ओढला जातो आणि हात उठतो. वाळू एकसारखी गळते, म्हणून हाताला झटका बसत नाही. पोरांनी पेटी उघडली तेव्हा मी तिथेच होतो, आणि गप्प होतो. पुढे आमच्या वसाहतीत हीच युक्ती मी तीन वर्षे मिरवली. मागे चादर टांगून.

परतीच्या गाडीत वही काढली आणि डबा, भोक, वजन, कप्पी असे सारे रेखाटले. चित्र वाकडेतिकडे आले, पण मापे घातली. भोकाचे माप तर दोनदा लिहिले. खरी मख्खी तिथेच आहे.

यंदा देखाव्यामागे चादर नव्हती. पोरे शबरीपुढे कमी आणि पाठीमागे जास्त जमली होती. त्यांतल्या एकाने मला विचारले, "काका, वाळू ओली झाली तर?"

नानाकाकांना हा प्रश्न कोणी विचारूच शकला नव्हता.