पोरीला पाठवू का, फादर?

महिन्यातून एकदा तरी आळेफाट्याला माझे जाणे होते. पुणे–नाशिक आणि कल्याण–नगर हे दोन रस्ते जेथे एकमेकांना छेदतात त्या चौकात कांद्याचे ट्रक, उसाच्या गाड्या आणि एस.टी. यांची दिवसभर वर्दळ असते. या परिसरात आपली कुटुंबे मोजकीच. कुणा एकाच्या घरी सारी जमतात, मिस्साबलिदान होते, चहापाणी होते आणि मग कुणीतरी मला फाट्यापर्यंत सोडायला येते.

गेल्या नोव्हेंबरात सोडायला आलेल्या गृहस्थांबरोबर त्यांची मुलगी होती. माझी पिशवी तिच्या खांद्यावर होती. आठवीत शिकणारी ही मुलगी बापापेक्षा चार बोटे उंच झालेली. तिची जिल्ह्याच्या शालेय बास्केटबॉल संघात निवड झाल्याचे मला ठाऊक होते. बस येण्याची चिन्हे दिसेनात, तेव्हा बापाने मनातले विचारले, "फादर, खेळाचे सर म्हणतात, हिला पुण्याला ठेवा, इथं हिचं काही होणार नाही. हिची आई नको म्हणती. तुम्ही सांगा, पोरीला पाठवू का?"

"पुढच्या महिन्यात सांगतो," मी म्हणालो. तेवढ्यात नाशिकहून आलेली बस थांबली. मुलीने पिशवी माझ्या हाती दिली. ती एक शब्दही बोलली नव्हती.

इतक्या साध्या प्रश्नाला महिन्याभराची मुदत का मागावी, असे त्या गृहस्थांना वाटले असेल. कारण एवढेच की हाच प्रश्न मला पूर्वी एकदा विचारला गेला होता आणि तेव्हा मी क्षणाचाही विलंब न लावता उत्तर दिले होते.

ही १९९९ सालची गोष्ट. मी नवदीक्षित साहाय्यक धर्मगुरू होतो. धर्मग्रामातील एक मुलगी बास्केटबॉल फार सुंदर खेळे. परगावच्या एका क्रीडा वसतिगृहात तिला प्रवेश मिळत होता. तिचे वडील सल्ला घ्यायला आले. मी म्हणालो, "मुलीची जात आहे. दहावी होऊ द्या, मग बघू." वडिलांना हेच ऐकायचे होते. दहावी झाली, त्यानंतर बघायचे कुणाच्याच लक्षात राहिले नाही. पुढे तिचे लग्न झाले, संसार चांगला झाला.

बऱ्याच वर्षांनी एका लग्नघरी ती भेटली. बोलता बोलता मीच तो विषय काढला. मला वाटले, ती हसून सोडून देईल. ती म्हणाली, "फादर, तुम्ही बरोबरच सांगितलं असेल. पण तेव्हा मला कुणी विचारलंच नाही. तुम्ही बाबांशी बोललात, बाबा आईशी बोलले. मी आत भांडी घासत होते, मला सगळं ऐकू येत होतं."

तिच्या स्वरात राग नव्हता. राग असता तर कदाचित मी स्वतःची बाजू मांडली असती.

वास्तविक या खेळाशी माझे नाते जुने. सेमिनरीत आम्हा ब्रदरांसाठी बास्केटबॉलचे मैदान होते आणि संध्याकाळी खेळणे हा दिनक्रमाचाच भाग होता. कुणी खेळायला आला नाही तर रेक्टर चौकशी करीत. शरीर थकावे, मन मोकळे व्हावे, आपला चेंडू दुसऱ्याला देण्याची सवय लागावी, असे ते सांगत. ते मला मनोमन पटले होते. मग जे मला हितकारक म्हणून मिळाले तेच त्या मुलीला धोकादायक कसे वाटले? याचे उत्तर मला आजही देता येत नाही.

हा खेळ जन्मला तोदेखील एका धर्मशास्त्राच्या विद्यार्थ्याच्या हातून. जेम्स नाइस्मिथ हे मूळचे कॅनडाचे. माँट्रियल येथे प्रेस्बिटेरियन पंथाच्या महाविद्यालयात त्यांनी धर्मशिक्षण पूर्ण केले. परंतु लगेच व्यासपीठावर उभे न राहता ते अमेरिकेतील स्प्रिंगफील्ड येथील वाय.एम.सी.ए.च्या प्रशिक्षण शाळेत व्यायामशिक्षक झाले. १८९१ च्या डिसेंबरात, बाहेर बर्फ पडलेले असताना तरुणांना घरात खेळता यावे म्हणून, त्यांनी पीच फळांच्या दोन टोपल्या सज्जाला ठोकल्या आणि तेरा नियम लिहून काढले. टोपली जमिनीपासून दहा फूट उंच होती. आजही रिंग तितक्याच उंचीवर असते. पुढच्याच वर्षी सेंडा बेरेन्सन या शिक्षिकेने स्मिथ महाविद्यालयातील मुलींना तो खेळ शिकविला. म्हणजे खेळ जेमतेम एक वर्षाचा होता तेव्हापासून मुली तो खेळत आल्या आहेत. तरीही ऑलिंपिकमध्ये पुरुषांचे बास्केटबॉल १९३६ साली आले आणि स्त्रियांचे १९७६ साली. मधल्या चाळीस वर्षांत किती बापांनी किती धर्मगुरूंना सल्ला विचारला असेल, कोण जाणे.

आळेफाट्याच्या बापाला उत्तर द्यायचे तर आधी आपल्या देशात हा पेशा म्हणजे काय, हे नीट पाहणे भाग होते. अमेरिकेत स्त्रियांची व्यावसायिक लीग १९९७ पासून चालू आहे. तेथे खेळाडूला खेळण्याचा पगार मिळतो. आपल्याकडे स्त्रियांसाठी अशी भक्कम, वर्षानुवर्षे चालणारी लीग उभी राहिली नाही. येथे चांगली खेळाडू झाली की तिला रेल्वेत किंवा अन्य सरकारी खात्यात खेळाडूंच्या कोट्यातून नोकरी मिळते. ती नोकरीच तिचा पेशा. गुडघा दुखावला, वय तिशीच्या पुढे गेले, तरी टेबल आणि पगार राहतो. याला कुणी कमी लेखू नये. भारतीय स्त्रियांचे बास्केटबॉल बव्हंशी याच आधारावर जगले आहे.

या चौकटीतून बाहेर पाऊल टाकणारी एक मुलगी केरळची, गीतू ॲना जोस. कोट्टायम जिल्ह्यातील ख्रिस्ती घरातली. सहा फूट दोन इंच उंची. आधी व्हॉलीबॉल खेळे, मग बास्केटबॉलकडे वळली आणि दक्षिण रेल्वेत लागली. २००६ ते २००८ या काळात ती ऑस्ट्रेलियात मेलबर्नच्या रिंगवुड क्लबकडून खेळली. २०११ साली अमेरिकेतील त्या व्यावसायिक लीगच्या तीन संघांनी तिला चाचणीसाठी बोलाविले. हा मान मिळालेली ती पहिली भारतीय स्त्री. तिची निवड झाली नाही. ती परत आली, देशासाठी खेळत राहिली आणि २०१४ साली तिला अर्जुन पुरस्कार मिळाला.

आपल्या जवळचे नाव सांगायचे तर पुण्याची शिरीन लिमये. २०१७ च्या जुलैत बेंगळुरूला आशिया चषकाच्या 'ब' गटाची स्पर्धा झाली. अंतिम सामन्यात भारतीय मुलींनी कझाकस्तानला ७५–७३ असे, अवघ्या दोन गुणांनी हरविले आणि वरच्या गटात प्रवेश मिळविला. शिरीन त्या संघात होती. पुढे ती देशाची कर्णधार झाली. वरच्या गटातील वाट मात्र खडतर निघाली. २०२१ साली अम्मानच्या आशिया चषकात भारताला एकही सामना जिंकता आला नाही आणि संघ पुन्हा खालच्या गटात गेला. त्यानंतर २०२३ साली हांगझोऊच्या आशियाई क्रीडास्पर्धेत याच मुलींनी इंडोनेशिया आणि मंगोलिया यांना हरवून उपांत्यपूर्व फेरी गाठली. याच स्पर्धेत तिघी-तिघींच्या बास्केटबॉलमध्ये नागपूरची सिया देवधर भारताकडून खेळली.

हे सारे वाचताना मला एक गोष्ट जाणवली. क्रिकेटच्या तुलनेत या मुलींची नावे आपल्या घरांत कुणाला ठाऊक नाहीत. जिंकल्या तर चार ओळींची बातमी, हरल्या तर तीही नाही. तरी त्या पहाटे उठतात, धावतात, दुखऱ्या गुडघ्याला पट्टी बांधतात आणि पुन्हा मैदानावर उतरतात. कौतुकाचा भरवसा नसताना रोज तेच काम निष्ठेने करणे, हे मला माझ्या ओळखीच्या एका जीवनपद्धतीसारखे वाटू लागले. पाचारण हा शब्द आपण फक्त धर्मगुरू आणि व्रतस्थ भगिनी यांच्यासाठी राखून ठेवला आहे. तो इतका घट्ट राखून ठेवावा का, असा प्रश्न मला प्रथमच पडला.

आणि या प्रश्नापाशीच मला अमेरिकेच्या शेली पेनफादर हिची गोष्ट सापडली. सात भावंडांच्या कॅथलिक कुटुंबातील ही मुलगी व्हिलानोव्हा या कॅथलिक विद्यापीठाकडून खेळली. तेथे तिने २,४०८ गुण नोंदविले; तो विक्रम तीन दशकांहून अधिक काळ टिकला. १९८७ साली देशातील सर्वोत्कृष्ट महाविद्यालयीन खेळाडूचा बहुमान तिला मिळाला. त्यानंतर ती व्यावसायिक खेळाडू म्हणून जपानला गेली. तेथील एकाकीपणात ती प्रार्थनेकडे वळली, सुट्टीत मदर तेरेसांच्या भगिनींबरोबर सेवा करू लागली. १९९१ साली, वयाच्या पंचविसाव्या वर्षी, मोठ्या रकमेचा नवा करार नाकारून तिने व्हर्जिनियात संत क्लाराच्या संघाच्या बंदिस्त मठात प्रवेश केला. त्या भगिनी अनवाणी राहतात, मध्यरात्री प्रार्थनेला उठतात आणि घरच्यांना जाळीआडून भेटतात. पंचवीस वर्षांतून एकदाच आप्तांना कवेत घेण्याची मुभा असते. २०१९ च्या जून महिन्यात तिच्या व्रतांचा रौप्यमहोत्सव झाला, तेव्हा अठ्ठ्याहत्तर वर्षांच्या आईने लेकीला मिठी मारली.

ही गोष्ट मी काही वर्षांपूर्वी ऐकली असती तर प्रवचनात सांगितली असती की पाहा, तिने खेळ सोडला आणि देवाला धरले. आता मला ती तशी सांगता येणार नाही. तिच्या आईवडिलांनी तिला खेळू दिले, दूर जाऊ दिले, समुद्रापलीकडे एकटी राहू दिले. देवाची हाक तिला ऐकू आली ती त्या परक्या देशात, खेळाडू म्हणून राहत असताना. आईबापांनी तिला जपानला पाठविण्यास नकार दिला असता तर पुढे मठात पाठविण्याचा प्रसंग आला असता का, हे देवच जाणे.

आपला समाज मुलींना दूर पाठवीत नाही, असे नाही. कॉन्व्हेंटमध्ये जाणाऱ्या मुलीसाठी आपण मिस्साबलिदान अर्पण करतो, तिच्या डोक्यावर हात ठेवतो, रडत रडत का होईना तिला निरोप देतो. नर्सिंगसाठी मुंबईला आणि तेथून आखाती देशांत जाणाऱ्या मुलींसाठी नोव्हेना करतो. त्या वाटेवर धोका नसतो असे थोडेच आहे? परंतु त्या निरोपाची आपल्याला रीत ठाऊक आहे. मैदानाकडे जाणाऱ्या मुलीच्या निरोपाची रीत आपल्याकडे नाही, म्हणून आपण तिला घरी ठेवतो आणि त्याला काळजी म्हणतो.

काळजी खोटी नसते, हेही मला आळेफाट्यानेच दाखविले. डिसेंबरात मी मुद्दाम लवकर गेलो आणि शाळेच्या मैदानावर उभा राहिलो. मुरमाची जमीन, लोखंडी खांब, जाळी नसलेली रिंग. ती एकटीच चेंडू टाकीत होती. पडला की धावत जाऊन उचलायची आणि पुन्हा त्याच जागी येऊन उभी राहायची. साडेपाच वाजताच बाप मोटारसायकल घेऊन हजर. जुन्नर तालुक्यात बिबट्याच्या भीतीने अंधार पडल्यावर उसाच्या कडेने लेकराला एकटे कुणी सोडत नाही. दिवस मावळला की तिचा सराव संपतो. सरांचे म्हणणे मला तेव्हा कळले.

मी तिला हाक मारली आणि बापासमोरच विचारले, "बाळ, तुला जायचं आहे का?"

तिने आधी बापाकडे पाहिले. मग म्हणाली, "जायचंय, फादर. पण आईला वाईट वाटतं. आणि तिथं माझ्यापेक्षा उंच मुली असतील."

"असतील," मी म्हणालो. "हरशीलही."

"हरले तर परत येता येईल ना?"

या प्रश्नाचे उत्तर माझ्याकडे नव्हते. ते बापाने दिले. चेंडू उचलून तो काखेत धरीत ते म्हणाले, "घर कुठं जातंय? कधी पण ये."

त्या रात्री त्यांच्या घरी आम्ही चौघे बसलो. वसतिगृह आधी आईने स्वतः जाऊन पाहायचे, तेथील बाईंशी बोलायचे, शाळा चुकवायची नाही, आठवड्यातून एकदा घरी फोन करायचा आणि वर्षाअखेर पुन्हा मुलीलाच विचारायचे, असे ठरले. आईने होकार दिला नाही. पण पुण्याला जाऊन बघते, एवढे म्हणाली. तेवढे पुरे होते.

येत्या जूनमध्ये मुलगी निघाली तर त्या महिन्याचे मिस्साबलिदान तिच्यासाठी अर्पण करायचे मी ठरविले आहे. कॉन्व्हेंटला जाणाऱ्या मुलीला देतो तसाच आशीर्वाद सर्व कुटुंबांनी मिळून द्यायचा आणि मग तिला फाट्यापर्यंत सोडायला जायचे. या वेळी पिशवी मी घेईन.

१९९९ सालच्या त्या मुलीला मी पत्र लिहिले आहे. तिची थोरली मुलगी आता बारा वर्षांची आहे. ती काय खेळते, हे मी त्यात विचारले आहे.