सोयाबीन कुठं घालायचं

मी वारज्याची. १९९७ साली गाव महापालिकेत आलं, तेव्हा मी शाळेत होते. नदीच्या अंगाला तेव्हा थोडी शेतं उरली होती. पुढे त्यांच्या सोसायट्या झाल्या आणि त्यातल्याच एकीत आम्ही राहतो. सासर लातूर जिल्ह्यात, औसा तालुक्यात. तिथं कोरडवाहू शेती आहे, पण माझा मुक्काम सणावारापुरता. त्यामुळे मी शेती केली ती टीव्हीवर, 'फार्मिंग सिम्युलेटर २२' या गेममध्ये. स्वित्झर्लंडच्या जायंट्स सॉफ्टवेअरचा हा गेम २०२१च्या नोव्हेंबरात आला. नवऱ्याने प्लेस्टेशन घेतलं फुटबॉल खेळायला, आणि रात्री जेवणं आटोपली की त्यावर नांगरट करत बसायची मी.

ट्रॅक्टर हळूहळू एका बांधावरून दुसऱ्या बांधावर नेण्यात कसली मजा, असं मैत्रिणी विचारतात. त्यात नाहीच. माझी मजा आहे दरांच्या पानात. पीक कापून कोठारात टाकलं की मी ते पान उघडते. डावीकडे पिकं, समोर माल घेणारी ठिकाणं, प्रत्येकाचा दर आणि दराशेजारी वर किंवा खाली जाणारा बाण. मधूनच एखाद्या ठिकाणी मागणी अचानक वाढते आणि तिथला दर उसळतो. एकाच ठिकाणी ट्रेलरमागून ट्रेलर ओतले तर तिथला दर घसरतो, थोडे दिवस दम धरला की पुन्हा सावरतो. शिवाय वर्षभराचा आलेख असतो. कापणीच्या हंगामात दर तळाला, नंतरच्या कुठल्या तरी महिन्यात शिखरावर. शिखराचा महिना आधीच दिसतो, हे या शेतीचं सगळ्यात मोठं सुख.

२०२४च्या दिवाळीनंतर सासरे पुण्यात आले, गुडघ्याच्या ऑपरेशनला. डॉक्टरांनी उन्हाळ्यातच सांगितलं होतं, पण रास झाल्याशिवाय मी हलणार नाही म्हणाले. सोयाबीन कापून, मळणी करून, कट्टे भरून घरातल्या माळवदाच्या खोलीत थप्पी लागली, मग आले. धाकटा दीर गावाकडं. ऑपरेशननंतर वॉकर घेऊन हॉलमध्ये चार पावलं चालायची आणि खुर्चीत बसायचं, एवढाच त्यांचा दिनक्रम. गॅलरीतून कात्रज-देहूरोड बायपास दिसतो. ताडपत्रीचा फुगा आणि टायरची बसण बघून ते ट्रकमध्ये काय असेल ते सांगायचे. खरं-खोटं कोण बघणार, पण ऐकायला बरं वाटायचं.

एका रात्री मी गेम लावला होता आणि ते शेजारी येऊन बसले. नकाशा एल्मक्रीकचा, अमेरिकेच्या मध्य-पश्चिमेच्या धर्तीवर बेतलेला. गेममध्येही तेव्हा ऑक्टोबर चालू होता आणि माझं सोयाबीन हार्वेस्टरमधून ट्रेलरमध्ये पडत होतं. त्यांनी मान पुढे केली.

"सोयाबीन हाय का हे?"

"हो मामा. आता विकायचंय. बघा, हे सगळे दर."

"काय भाव क्विंटल?"

"क्विंटल नाही. हजार लिटरचा दर असतो."

"लिटर?" त्यांनी माझ्याकडं बघितलं. "दूध हाय का ते?"

मग दरपत्रक वाचून दाखवायचं काम माझ्याकडं आलं. ते प्रत्येक ठिकाणाची चौकशी करायचे. किती लांब आहे? डिझेल किती जातं? काटा कुणाचा? काटा नसतो मामा, ट्रेलर रिकामा झाला की पैसे लगेच जमा. ओलावा बघत नाहीत? नाही. माती-कचरा? नाही. हमाली, तोलाई? तीही नाही. ते गप्प झाले. मग म्हणाले, "त्या तेल गिरणीला घाल की. पिलांट वाला जास्तीच देतो."

तेल गिरणी सोयाबीन घेत नाही, हे सांगायला मला जड गेलं. या गेमातल्या गिरणीत सूर्यफूल, कॅनोला आणि ऑलिव्ह एवढंच चालतं. "मंग कशाची तेल गिरणी!" म्हणून त्यांनी हात झटकला. मात्र दुसऱ्या रात्रीपासून जेवण झालं की खुर्ची टीव्हीसमोर यायला लागली.

त्याच दिवसांत दिराचा फोन रोज यायचा. व्हॉट्सॲपवर लातूरच्या आडत बाजाराचे दर, औशाचे दर, तेल कारखान्यांचे दर सकाळीच येऊन पडलेले असायचे. म्हणजे दरांचं पान त्यांच्याकडंही होतं, माझ्यापेक्षा मोठं. सगळीकडं चार हजारांच्या वर शंभर-दोनशे, त्याच्या पुढं काही जात नव्हतं. केंद्राचा हमीभाव होता ४,८९२ रुपये. निवडणुकीचे दिवस होते, २० नोव्हेंबरला मतदान. सोयाबीनला सहा हजार देऊ, अशी आश्वासनं बातम्यांत ऐकू यायची. तसं ऐकलं की सासरे टीव्हीचा आवाज वाढवायचे आणि भाषण संपलं की स्वतःच कमी करायचे.

मला एक कोडं पडलं होतं. सप्टेंबरात सरकारने खाद्यतेलावरचं आयात शुल्क एकदम वाढवलं. कच्च्या तेलावर शून्याचं वीस टक्के, रिफाइंडवर साडेबाराचं साडेबत्तीस. दिवाळीच्या फराळाला तेलाचा डबा आणताना ते मला चांगलंच जाणवलं होतं. तेल एवढं महागलं तर सोयाबीन का नाही?

"सोयाबीनमध्ये तेल असतं किती?" त्यांनी उलट विचारलं. "शंभर किलोला सतरा-अठरा किलो. बाकी सगळी पेंड. पेंड कोंबड्यांच्या खाद्याला जाती, परदेशी जाती. पेंडीला गिऱ्हाईक नसल तर पिलांट वाला तेलाकडं बघून भाव देत नसतो."

पुढे मी वाचलं तर तसंच होतं. जगभर सोयाबीन भरपूर पिकलं होतं, शिकागोच्या बाजारात दर पडलेले, आपली पेंड परदेशी पेंडीपुढं महाग ठरत होती. त्यात देशात मक्यापासून आणि तांदळापासून इथेनॉल काढल्यावर उरणारा चोथा कोंबडीखाद्यात पेंडीची जागा घेत होता. सोयाबीनचा वायदा तर डिसेंबर २०२१ पासून सेबीने बंदच ठेवला होता, त्यामुळे पुढच्या महिन्यांचा अंदाज सांगणारा आकडाही तेव्हा देशात नव्हता. माझ्या एल्मक्रीकच्या शेजारच्या खऱ्याखुऱ्या शेतकऱ्यांचं पीक औशाच्या माळवदाखालच्या कट्ट्यांचा भाव ठरवत होतं, आणि मी मजेत त्यांच्याच नकाशावर ट्रॅक्टर चालवत होते.

मी ऑफिसात दिवसभर एक्सेल भरते. मग एक शीट केलंच. गावातला व्यापारी, औसा, लातूरची आडत, कारखाना, हमीभाव केंद्र. समोर दर, वाहतूक, हमाली, कपात, पैसे कधी. हिशेब अगदी सरळ निघाला. गावात घातलं त्यापेक्षा लातूरला दीड-दोनशे जास्त, त्यातून टेम्पो आणि हमाली गेली की क्विंटलमागं नव्वदेक रुपये हातात राहतात. मी ऐटीत दाखवलं.

त्यांनी चष्मा लावून शीट बघितलं. "बरोबर हाय," म्हणाले. "पर नव्वद रुपये कुठल्या मालाला? आपल्या मागच्या थप्पीचा माल पावसात गावलाय." मग त्यांनी मला जे सांगितलं ते कुठल्याच रकान्यात बसत नव्हतं. कारखान्याचा जो दर व्हॉट्सॲपवर येतो तो दहा टक्के ओलाव्याच्या, स्वच्छ, बिनडागी मालाचा. मालात ओलावा निघाला की वजनात कपात, डागी निघाला की दरात कपात. गेटवर मूठभर दाणे यंत्रात टाकतात, आकडा दिसतो आणि तिथून माल परत आणायचा म्हणजे दोन वेळचं भाडं. गावातला व्यापारी दाणा दातानं फोडून बघतो. कट्टकन फुटला तर वाळलेला, दबला तर ओला. तो भाव कमी देतो, पण घरातून उचलतो, आणि नाही पटलं तर माल आपल्याच घरात राहतो.

हमीभाव केंद्राचं वेगळंच. सातबारा, त्यावर ई-पीक पाहणीत सोयाबीनची नोंद, आधार, पासबुक, मग नोंदणी, मग मेसेजची वाट. ओलाव्याची मर्यादा बारा टक्के होती. ऑक्टोबरच्या पावसानं भिजलेला माल त्यात बसेना, तेव्हा नोव्हेंबरच्या मध्यात ती पंधरा केली. मेसेज आला की बारदाना नसायचा, बारदाना आला की रांग. पैसे मात्र नक्की आणि सगळ्यात जास्त.

"मग थांबूया ना," मी म्हटलं. गेममध्ये मी तेच करत होते. कोठार भरून ठेवलं होतं आणि आलेखातल्या शिखराची वाट बघत होते.

"तुझ्या कोठारात उंदीर हाय का?"

"नाही."

"घट?"

"नाही."

"मंग थांब तू."

मी गुगल करून पणन मंडळाची शेतमाल तारण योजना काढली. माल बाजार समितीच्या किंवा वखार महामंडळाच्या गोदामात ठेवायचा, किमतीच्या पंचाहत्तर टक्क्यांपर्यंत कर्ज, सहा टक्के व्याज, सहा महिने मुदत. १९९०-९१ पासून चालू आहे. ती त्यांना माझ्याआधीपासून माहीत होती. एका वर्षी तुरीला केलीही होती आणि फायदाही झाला होता. सोयाबीनला मात्र नको म्हणाले. तुरीचं कसं, पीक कमी आलं तर दर चढतो. सोयाबीनचं ब्राझीलवर आहे. सहा महिन्यांनी तिथलं नवं पीक बाजारात येतं, आणि आपण व्याज भरून त्याच्यासमोर उभे राहतो.

माझं मत तेव्हापासून असं झालं आहे की कुठं विकायचं या प्रश्नाचं अर्धं उत्तर पेरणीच्या वेळीच लिहिलेलं असतं. जूनमध्ये खत आणि औषध ज्या दुकानातून उधारीवर आणलं, त्याचाच गावात काटा आहे. तो उधारीचा विषय काढत नाही, फक्त राशीच्या दिवशी रस्त्यानं जाताना सहज थांबतो. कापणीचं उक्तं दिलेल्या मजुरांना राशीच्या आठवड्यात पैसे हवे असतात, आणि ते बरोबरच आहे. मळणीवाला पोत्यामागं घेतो, तोही थांबत नाही. मग ज्वारी-हरभऱ्याची पेरणी. बाजारात कोण किती देतो याची माहिती माणसाकडं हल्ली भरपूर असते. ती वापरायला लागणारी सवड नसते. शेतकऱ्यांना बाजाराचं कळत नाही, असं आमच्या ऑफिसात चहाच्या वेळी कुणी म्हणालं तर मी आता वाद घालते.

शेवटी एका संध्याकाळी त्यांनी दिराला फोन लावला आणि गॅलरीत उभं राहून वाटणी सांगितली. मागच्या थप्पीतला पावसाचा माल आधी गावातच द्यायचा, त्यातून मजूर, मळणी आणि दुकानाची उधारी फेडायची. पुढचा चांगला माल हमीभावाला, नोंदणी झालेलीच होती. केंद्रानं जेवढा घेतला तेवढा. उरेल त्यातला थोडा लातूरला, तोही रब्बीचं खत घ्यायला टेम्पो जाणारच असेल त्या दिवशी, म्हणजे जायचं भाडं वेगळं पडत नाही. माझ्या एक्सेलमध्ये हा टेम्पो नव्हता. आणि कडेच्या भिंतीजवळच्या नऊ कट्ट्यांना कुणी हात लावायचा नाही.

"ते का?" मी विचारलं.

"ते बी हाय."

घरचं बियाणं. गेममध्ये बी दुकानातूनच घ्यावं लागतं, स्वतःच्या पिकातलं वापरता येत नाही. त्यामुळे विकायचंच नाही असा माल असतो, हे मला सुचलंच नव्हतं.

केंद्रावरच्या खरेदीची मुदत वाढत वाढत फेब्रुवारीपर्यंत गेली. दर काही चढला नाही. निवडणूक झाली, सरकार आलं, लातूरचा आकडा चार हजारांच्या आसपासच रेंगाळत राहिला. आमचा हमीभावाचा माल बारदान्याच्या दोन फेऱ्या हुकून तिसऱ्यांदा गेला आणि पैसे खात्यावर आले. सासरे तोवर काठी टेकत गावी परतले होते. जाण्याआधी त्यांना इथल्या शेतकऱ्यांचा बाजार बघायचा होता. पुणे बाजार समितीचा उपबाजार आमच्यापासून हाकेच्या अंतरावर उत्तमनगरला आहे, तिथं गाडीनं नेऊन आणलं. पालेभाजीच्या गड्ड्या बघून म्हणाले, "यांचं अवघड हाय. आमचं सोयाबीन घरात तरी ऱ्हातंय. ही मेथी संध्याकाळपर्यंत विकावीच लागती."

गेममधलं माझं सोयाबीन शिखराच्या महिन्यात गेलं, रेल्वेच्या कोठाराला, भरभक्कम दरानं. ते कळवायला मी फोन केला तेव्हा त्यांनी किती आले ते विचारलं, रक्कम ऐकून हसले आणि पुढं काय पेरणार म्हणाले. तूर टाक म्हणत होते. तूर त्या गेममध्ये नाही.

मे महिन्यात दीर पुण्याला आला तेव्हा बियाण्याच्या कट्ट्यांतली एक पिशवी माझ्यासाठी पाठवली होती, सोबत सूचना. शंभर दाणे मोजून घ्यायचे, मोठे निवडायचे नाहीत, हाताला येतील ते. ओल्या गोणपाटावर दहा-दहाच्या रांगा, वरून दुसरं ओलं गोणपाट, गुंडाळी करून सावलीत ठेवायचं, पाणी शिंपडत राहायचं. गोणपाट वारज्यात सहज मिळत नाही. वाण्यानं तांदळाचं एक जुनं पोतं दिलं. चार-पाच दिवसांनी उघडून मोड मोजले आणि फोन केला.

"अठ्ठ्याहत्तर, मामा."

"सत्तरच्या वर हाय. मंग एकरी तीस किलो बास झालं," ते म्हणाले. "नवातले दोन कट्टे जास्तीचे होतेत. लातूरला आज काय भाव हाय बघ बरं."